दुसरा कंट्रोलर

डबा जुनाच. बर्डीवरून आणलेला,
घासाघीस करून अडीच हजारात.
सोबत एक कंट्रोलर धड, आणि दुसरा
ज्याची डावी कांडी आपोआप उत्तरेला वळायची.
गेम एकच. तोही एकट्याचा.

बाहेर मे महिना, नंदनवनात सेहेचाळीस.
कूलरच्या वाळ्यावर पाणी मारायची पाळी माझी,
आणि पडद्यावर बर्फ,
गुडघाभर, डोंगरामागे डोंगर.
हवं तिथे जा, कुणी अडवत नाही,
फक्त एकट्यानं.

लोकेंद्र दुसरा कंट्रोलर मांडीवर घेऊन बसायचा,
वायर खोचलेली, दिवा पेटलेला,
उगाच बटणं दाबत.
"मी कुठं हाव बे ह्याच्यात?"
मी म्हटलं, तू तो लांडगा.
लांडगा पाचव्या मिनिटाला मेला, माझ्याच तलवारीनं.
मग म्हणाला, मी वारा.
वाऱ्याला कोण मारते?

परत बर्डीवर गेलो. लखवानी शेठ
काउंटरमागे भेंडी-पोळी खात होता,
बोटं न पुसताच त्यानं सीड्या पसरल्या,
"दो जन का? ये कुश्ती. ये गाडी. ये फुटबॉल."
मारामारी नाही पाहिजे, लोकेंद्र म्हणाला.
"फिर दो जन करेंगे क्या?"

आम्हाला सांगता येईना.
सोबत चालायचं आहे, हे दुकानात कसं म्हणणार?
एकानं पुढे जावं, दुसऱ्यानं मागे राहून
एखादं फूल तोडावं,
हाक आली की धावत यावं, एवढंच.
शेठनं विचार केला, खरंच केला,
म्हणाला, वो इस डब्बे में नहीं आता.
नव्यात येतो. नवा तीस हजाराचा.

फुटबॉल आणला. दोन दिवस भांडलो. परत दिला.

मग वाटणी केली.
डावा हात माझा, उजवा त्याचा,
मधे तो एकच कंट्रोलर, घामानं निसरडा.
पाय माझे, तलवार त्याची.
मी जपून कडा उतरायचो
तेव्हाच ह्याला हवेत वार सुचायचा.
मेलो की तो नकाशा पुढे काढायचा,
त्याच्या बाबांच्या दुकानातल्या कॅलेंडरच्या पाठीवर,
पेनानं नद्या, पेन्सिलीनं शंका.
"इथं म्हातारी कोबी विकते. घेऊ नको."
"इथं पूल."
"इथं गेलो नाही अजून."

अन् लाईट जायची.
सेव्ह केलेलं नसायचं.
काळ्या काचेत मग दिसायचो आम्ही,
दोघं, बनियनवर,
एकाच पडद्यावर.

आता तो मस्कतला, एसीच्या कंपनीत.
नवे डबे दोघांकडे आहेत.
एका हिवाळ्यात करून पाहिलं तेही,
साठ जण एका मैदानात, कानात माईक.
दहाव्या मिनिटाला कुठल्यातरी पोरानं
आम्हा दोघांना एकाच गोळीत उडवलं
आणि बराच वेळ हसला.
"कसं वाटलं?" लोकेंद्रनं विचारलं.
मी म्हटलं, गर्दी आहे.

परवा माळ्यावरून जुना काढला.
पंखा मिरची-कांडपासारखा घरघरला, पण चालला.
सेव्ह होता. एकसष्ट तास.
आमचा माणूस नदीकाठी उभा,
तसाच, इतकी वर्षं, श्वास घेत,
पोत्यात चाळीस कोब्या.

फोन स्पीकरवर टाकला.
"नकाशा आहे का बे तुझ्याजवळ?"
"नाही. पाठ आहे.
उजवीकडे घे. आता खाली.
देवळाचा दगड लागला? बस, तिथंच पूल."

देऊळ लागलं. नदी लागली, रुंद,
बर्फाचे तुकडे वाहत होते.
पूल नव्हता.
"नाही दिसून राहिला."
मस्कतहून आवाज सेकंदभर उशिरा येतो.
"असा कसा नाही? मीच काढला होता ना."

मी थोडा वेळ थांबलो.
तिकडे कुणीतरी त्याला जेवायला बोलवत होतं.
मग कांडी पुढे ढकलली,
उडी नाही मारली,
चालत गेलो.